बंड, उठाव की संप? : १९४६ च्या नाविक आंदोलनाच्या वाङ्मयीन रूपांचा चिकित्सक विचार

प्रास्ताविक

इतिहासातील एखाद्या घटनेला कोणते नाव द्यावयाचे, हा प्रश्न वरकरणी इतिहासकाराचा वाटतो. वस्तुतः तो वाङ्मयसमीक्षेचाही प्रश्न आहे. नाव ठरले की त्या घटनेची कथा कोठून सुरू करावयाची, तिचा नायक कोण आणि तिचा शेवट कोणता, हे बव्हंशी ठरून जाते. मराठी वाचकाला याचा अनुभव १८५७ च्या निमित्ताने आलेला आहे. चिंतामण विनायक वैद्य यांनी १९०७ साली प्रसिद्ध केलेल्या गोडसे भटजींच्या 'माझा प्रवास' या ग्रंथात ती घटना 'बंड' म्हणून येते. त्यानंतर दोनच वर्षांनी विनायक दामोदर सावरकर यांच्या ग्रंथाने तिला 'स्वातंत्र्यसमर' हे नाव दिले. घटना तीच राहिली, परंतु कथा बदलली. प्रवाशाच्या डोळ्यांसमोर कोसळलेले संकट हे राष्ट्राने आरंभलेले युद्ध झाले.

फेब्रुवारी १९४६ मध्ये मुंबई बंदरात रॉयल इंडियन नेव्हीच्या सामान्य नाविकांनी जे केले, त्यालाही अशीच तीन नावे लाभली आहेत. शासनाच्या दृष्टीने ते 'बंड' होते, पुढील राष्ट्रवादी लेखनात तो 'उठाव' झाला आणि स्वतः नाविकांनी मात्र त्याला 'संप' म्हटले. या तिसऱ्या नावाकडे वाङ्मयीन रूपांनी पुरेसे लक्ष दिले नाही, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे. त्यासाठी बी. सी. दत्त यांचे आत्मकथन, उत्पल दत्त यांचे नाटक आणि विवान सुंदरम यांची मांडणशिल्पकृती या तीन कलाकृतींचा विचार येथे केला आहे. तिसरे नाव दुर्लक्षित राहिल्याने कोणाची आठवण राहिली आणि कोणाची पुसली गेली, हा या विवेचनामागील खरा प्रश्न आहे.

१. घटनेची रूपरेषा

प्रथम घटनाक्रम ध्यानात घेणे अगत्याचे आहे. युद्धपूर्व काळात लहानशा असलेल्या या नौदलाची दुसऱ्या महायुद्धात दसपटीहून अधिक वाढ झाली. पूर्वी भरती प्रामुख्याने रत्नागिरीसारख्या किनारी मुलखातून, विशेषतः कोकणी मुसलमानांमधून होत असे. युद्धकाळात देशाच्या सर्व प्रांतांतील शिकलेले तरुण नौदलात दाखल झाले. वृत्तपत्र वाचणारा, बिनतारी संदेशयंत्र हाताळणारा आणि ब्रिटिश नाविकाच्या वेतनाशी व वागणुकीशी आपली तुलना करू शकणारा हा नवा नाविक होता.

कुलाबा येथील 'तलवार' हे संदेशवहनाचे प्रशिक्षण केंद्र होते. १ डिसेंबर १९४५ रोजी नौदल दिनाच्या वेळी तेथील भिंतींवर ब्रिटिश सत्तेविरुद्धच्या घोषणा लिहिलेल्या आढळल्या. फेब्रुवारीच्या आरंभी सरसेनापतींच्या भेटीच्या सुमारास असाच प्रकार पुन्हा घडला आणि बलाई चंद्र दत्त या नाविकास अटक झाली. केंद्राचे प्रमुख कमांडर किंग यांच्या वंशद्वेषी शिवीगाळीची तक्रार वरिष्ठांनी मनावर घेतली नाही. अखेर १८ फेब्रुवारी १९४६ रोजी 'तलवार'वरील सुमारे अकराशे नाविकांनी निकृष्ट अन्न आणि अपमानास्पद वागणूक यांच्या निषेधार्थ काम नाकारले.

दुसऱ्या दिवशी हे लोण कॅसल बॅरॅक्स आणि बंदरातील जहाजांवर पोहोचले. नाविकांनी केंद्रीय संप समिती निवडली. एम. एस. खान अध्यक्ष आणि मदन सिंग उपाध्यक्ष झाले. काँग्रेस, मुस्लिम लीग आणि कम्युनिस्ट पक्ष यांचे झेंडे एकाच वेळी डोलकाठ्यांवर चढले. समितीच्या मागण्यांत चांगले अन्न, ब्रिटिश नाविकांइतके वेतन आणि किंग यांच्यावर कारवाई यांचा समावेश होता. आझाद हिंद सेनेच्या कैद्यांची मुक्तता आणि इंडोनेशियातून भारतीय फौजा परत बोलावणे याही मागण्या त्याच यादीत होत्या. भर ओसरण्यापूर्वी ७८ जहाजे, २० किनारी केंद्रे आणि सुमारे २०,००० नाविक यांत सामील झाले होते. २१ फेब्रुवारीला कॅसल बॅरॅक्सवर लष्कर आणि नाविक यांच्यात गोळीबार झाला. ॲडमिरल गॉडफ्रे यांनी प्रसंगी संपूर्ण नौदल नष्ट करण्याची धमकी दिली. कराचीत 'हिंदुस्थान' या जहाजावर तोफा डागल्या गेल्या. २२ फेब्रुवारीला मुंबईतील गिरण्या बंद पडल्या, गिरणगावात रस्ते अडवले गेले आणि फौजेने गोळीबार केला. सरदार पटेल यांच्या मध्यस्थीनंतर २३ फेब्रुवारीला नाविकांनी शस्त्रे खाली ठेवली. आपण ब्रिटिशांना नव्हे, तर भारताला शरण जात आहोत, असे समितीने आपल्या अखेरच्या निवेदनात स्पष्ट केले.

सरकारी आकड्यांप्रमाणे मुंबईच्या रस्त्यांवर २२८ नागरिक मरण पावले आणि १,०४६ जखमी झाले. नाविक आंदोलन म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या घटनेतील मृतांत नाविकांहून नागरिकांची संख्या कितीतरी अधिक होती. पुढील विवेचनात ही वस्तुस्थिती सतत दृष्टीपुढे ठेवावी लागेल.

२. जहाजकथेचा साचा

जहाजावरील बंडाची कथा जागतिक वाङ्मयाला नवी नाही. २८ एप्रिल १७८९ रोजी 'बाउंटी' या शिडाच्या जहाजावर फ्लेचर ख्रिश्चन आणि त्याच्या साथीदारांनी कप्तान ब्लाय यांना अठरा माणसांसह उघड्या होडीत सोडून दिले. ब्लाय ती होडी तिमोरपर्यंत घेऊन गेले, इंग्लंडला परतले आणि १७९० साली त्यांनी आपली हकीकत प्रसिद्ध केली. बंडखोर दूर पॅसिफिक महासागरात असल्याने प्रथम छापली गेली ती कप्तानाची बाजू. त्यानंतर या विषयावर अनेक पुस्तके आणि चित्रपट निघाले, तरी क्रूर कप्तान आणि मानी बंडखोर या दोन व्यक्तींमधील द्वंद्व हाच त्यांचा कणा राहिला.

या साच्याचे तीन विशेष सांगता येतील. पहिला विशेष म्हणजे जहाजाचे एकाकीपण. चहूकडे पाणी असल्याने जहाज हे एक बंदिस्त राज्य होते आणि कप्तान हा त्याचा राजा. दुसरा विशेष म्हणजे व्यक्तिकेंद्रितता. अनेकांचा क्षोभ एका नायकात साठवला जातो. तिसरा विशेष निकालाचा. कथा न्यायासनापुढे संपते, मग ते सैनिकी न्यायालय असो वा वाचकाची सदसद्विवेकबुद्धी.

याच शिडांच्या काळात दुसरी एक परंपराही आकार घेत होती. १७६८ साली लंडनच्या बंदरातील नाविकांनी वेतनासाठी जहाजांची शिडे उतरवली आणि वाहतूक रोखून धरली. शिडे उतरवण्याच्या या क्रियेचे इंग्रजी नाव होते 'स्ट्राइक'. पुढे कामगारांनी काम बंद करण्यालाच तो शब्द रूढ झाला. म्हणजेच जगभरच्या कारखान्यांत वापरला जाणारा हा शब्द मुळात शिडाच्या जहाजावरचा आहे. १७९७ मध्ये स्पिटहेड येथे ब्रिटिश आरमाराच्या नाविकांनी प्रतिनिधी निवडून वेतन आणि अन्न यांसाठी वाटाघाटी केल्या आणि वेतनवाढ पदरात पाडून घेतली. तेथे एकच एक नायक नव्हता, समिती होती. तेथे जहाज एकाकी नव्हते, ते किनाऱ्याच्या नजरेत होते. वाङ्मयात मात्र 'बाउंटी' गाजली आणि स्पिटहेड मागे पडले. नाट्य एका माणसाच्या बंडात सहज सापडते, समितीच्या ठरावात ते शोधावे लागते.

मुंबईची घटना या दुसऱ्या परंपरेतील आहे. एक विसंगती येथे नोंदवावी लागते. १९४६ चे सर्वांत प्रसिद्ध 'जहाज' म्हणजे 'तलवार' हे जहाजच नव्हते, ते जमिनीवरील केंद्र होते. जी खरी जहाजे सामील झाली, ती गेटवे ऑफ इंडियावरून दिसतील अशा अंतरावर नांगर टाकून उभी होती. या कथेचे मर्म किनाऱ्यापासूनच्या दुराव्यात नाही, किनाऱ्याच्या निकटतेत आहे. वाङ्मयीन रूपांनी ही निकटता कितपत पेलली, हे आता पाहता येईल.

३. आत्मकथन : निरागसांचे बंड

बी. सी. दत्त यांचे 'म्युटिनी ऑफ द इनोसंट्स' हे इंग्रजी आत्मकथन १९७१ साली मुंबईत प्रसिद्ध झाले. 'तलवार'वरील घोषणांच्या प्रकरणात ज्यांना अटक झाली, त्याच नाविकाचे हे लेखन असल्याने त्याचे साक्षमूल्य निर्विवाद आहे. नौदलातून बाहेर पडल्यावर दत्त यांनी मुंबईत पत्रकारिता केली. घटनांचा वेग पकडण्याचे त्यांचे सामर्थ्य आणि वाक्यांचा नेमकेपणा यांत तो अनुभव उतरला आहे.

शीर्षकातील दोन शब्द एकमेकांशी झगडताना दिसतात. 'म्युटिनी' हा सैनिकी कायद्याचा शब्द आहे आणि त्या कायद्यात त्याची शिक्षा मृत्यूपर्यंत जाऊ शकते. 'इनोसंट्स' म्हणजे निरागस किंवा निरपराध. गुन्हा घडला, पण गुन्हेगार निरागस होते, असा हा पेच आहे. राजकारणाचे डावपेच न कळणारी तरुण मुले देशावरील प्रेमाने पुढे झाली आणि ज्यांच्यावर विसंबली त्या नेत्यांनी त्यांना वाऱ्यावर सोडले, अशी व्यथा ग्रंथभर झिरपते. शरणागतीनंतर शेकडो नाविकांना सेवेतून काढण्यात आले, हे ध्यानात घेता ही व्यथा अकारण म्हणता येत नाही.

परंतु निरागसतेची ही चौकट स्वीकारली की एक गोष्ट निसटते. इंडोनेशियातील फौजा परत बोलावण्याची मागणी करणारे तरुण राजकीयदृष्ट्या अजाण नव्हते. चार-पाच दिवसांत निवडणूक घेऊन समिती उभारणारे, जहाजाजहाजांशी संदेशयंत्रणा चालू ठेवणारे आणि तीन पक्षांचे झेंडे एका काठीवर चढवणारे लोक भाबडे कसे म्हणावेत? निरागसतेचा दावा त्यांना दोषमुक्त करतो, पण त्याबरोबर त्यांचा कर्तेपणाही कमी करतो. हे दत्त यांच्या लेखनाचे वैगुण्य मानण्यापेक्षा आत्मकथन या प्रकाराची मर्यादा मानणे अधिक न्याय्य ठरेल. एका माणसाच्या स्मृतीतून वीस हजारांची कृती सांगताना ती एका माणसाच्या भ्रमनिरासाचे रूप घेते.

याउलट १९५४ साली पीपल्स पब्लिशिंग हाऊसने प्रसिद्ध केलेल्या 'द आर. आय. एन. स्ट्राइक' या पुस्तकावर लेखक म्हणून शिक्षा भोगलेल्या नाविकांच्या एका गटाचे सामूहिक नाव होते. तेथे शीर्षकात 'स्ट्राइक' आहे आणि लेखक बहुवचनी आहे. या दोन गोष्टींचा परस्परसंबंध लक्षणीय वाटतो. संप एकट्याला करता येत नाही आणि म्हणून त्याची हकीकतही एकट्याच्या नावावर राहत नाही. वाङ्मयीन गुणांच्या दृष्टीने दत्त यांचे पुस्तक उजवे ठरेल, तथापि घटनेच्या स्वरूपाशी प्रामाणिक अशी लेखकत्वाची कल्पना या आधीच्या पुस्तकात आढळते.

४. नाटक : न झालेल्या शेवटाचे सत्य

उत्पल दत्त यांचे 'कल्लोल' हे बंगाली नाटक मार्च १९६५ मध्ये कोलकात्याच्या मिनर्व्हा नाट्यगृहात रंगमंचावर आले. 'खैबर' हे जहाज, त्यावरील शार्दूल सिंग हा नाविक आणि बंदरालगतच्या वस्तीत त्याची वाट पाहणारी आई कृष्णाबाई हे त्याचे केंद्र होय. तापस सेन यांची प्रकाशयोजना आणि रंगमंचावर उभे राहिलेले जहाज यांची चर्चा बंगाली रंगभूमीच्या इतिहासात आजही होते. नाटकातील काँग्रेस नेतृत्वाच्या चित्रणामुळे वाद उद्भवला, प्रमुख वृत्तपत्रांनी जाहिराती नाकारल्या आणि सप्टेंबर १९६५ मध्ये उत्पल दत्त यांना अटक होऊन काही महिने स्थानबद्ध राहावे लागले. नाटकाचे प्रयोग मात्र गर्दीत चालू राहिले.

ऐतिहासिक 'खैबर'ने इतर जहाजांप्रमाणेच शस्त्रे खाली ठेवली होती. नाटकातील 'खैबर' शरणागती नाकारते आणि लढत राहते. हा फरक अनवधानाने झालेला नाही. येथे आयझेनस्टाइन यांच्या 'बॅटलशिप पोटेमकिन' (१९२५) या चित्रपटाचे स्मरण होणे अपरिहार्य आहे. १९०५ मध्ये किड पडलेल्या मांसावरून उठलेले 'पोटेमकिन'चे नाविक अखेर रुमानियातील एका बंदरात जाऊन शरण आले. चित्रपट मात्र त्यापूर्वीच थांबतो. समोरचा आरमारी ताफा गोळी न झाडता जहाजाला वाट देतो आणि त्या जयघोषात पडदा पडतो. दोन्ही कलाकृती पराभवाच्या आधीचा क्षण निवडतात अथवा पराभव पुसून टाकतात. त्यामागील भूमिका अशी की, घडलेल्या वस्तुस्थितीपेक्षा घडू शकणारी शक्यता ही क्रांतीच्या दृष्टीने अधिक खरी असते.

या भूमिकेला कलामूल्य आहे. इतिहासातील पराभूतांना रंगमंचावर दुसरी संधी देणे हे नाटकाचे जुने सामर्थ्य आहे. तरीही त्याची किंमत पाहावी लागते. 'खैबर' शेवटपर्यंत लढले, असे दाखवताच नाटकाचा सारा भार एका जहाजावर आणि एका वीरावर येतो. जहाजकथेचा तोच जुना साचा, म्हणजे एकाकी जहाज, मानी नायक आणि विश्वासघातकी सत्ता, वेगळ्या झेंड्याखाली परत येतो. वास्तवात नाविकांनी ज्या दिवशी सर्वाधिक बळ अनुभवले, तो २२ फेब्रुवारीचा दिवस जहाजावरचा नव्हता, तो लालबाग-परळच्या रस्त्यावरचा होता. कृष्णाबाई आणि तिची वस्ती यांच्या रूपाने नाटकाने किनाऱ्याला स्थान दिले, ही त्याची जमेची बाजू होय. परंतु किनारा तेथे बव्हंशी वाट पाहणारा आणि शोक करणारा आहे. मुंबईचा किनारा त्या दिवशी स्वतः काम बंद करून उभा होता.

५. अन्नाचे रूपक : ताटापासून ताटापर्यंत

या घटनेच्या मागण्यांत अन्नाचा क्रम वरचा असल्याने तिला 'पोटासाठी केलेली कुरकुर' ठरवण्याचा मोह शासनाला झाला. न्यायमूर्ती सर फझल अली यांच्या अध्यक्षतेखालील चौकशी आयोगाने राजकीय प्रभाव मान्य केला, परंतु मूळ कारण म्हणून सेवाशर्तींबाबतच्या असंतोषावर भर दिला. त्याला उत्तर म्हणून राष्ट्रवादी लेखनाने अन्नाचा उल्लेख गौण ठरवला आणि स्वातंत्र्याकांक्षा अग्रभागी आणली. दोन्ही बाजूंनी एक गोष्ट गृहीत धरली की, भाकरीचा प्रश्न आणि स्वातंत्र्याचा प्रश्न वेगवेगळे आहेत आणि त्यांपैकी एकच खरा असू शकतो.

घटनाक्रमच या गृहीतकाला छेद देतो. एकाच नौदलात, एकाच युद्धात सेवा करणाऱ्या दोन माणसांना त्यांच्या कातडीच्या रंगावरून वेगळे अन्न आणि वेगळा पगार मिळत होता. तेव्हा ताटातील भात हाच राज्यसत्तेचा सर्वांत रोजचा पुरावा होता. नाविकाला परकी सत्ता दिवसातून दोनदा चाखावी लागत असे. म्हणून अन्नाची मागणी ही राजकीय मागणीची पहिली पायरी नव्हती, ती स्वतःच राजकीय होती.

या कथेचा उत्तरार्ध अधिक बोलका आहे. २१ फेब्रुवारीला नाविकांची रसद तोडण्याचा प्रयत्न झाला, तेव्हा गेटवे ऑफ इंडियाच्या धक्क्यावर मुंबईकर खाद्यपदार्थांची पुडकी घेऊन जमले. दुकानदारांनी लागेल ते घेऊन जाण्यास सांगितले आणि जहाजांवरून आलेल्या होड्यांत ते अन्न भरले गेले. पहाऱ्यावर असलेल्या भारतीय शिपायांनीही त्यास हातभार लावला. ज्या आंदोलनाचा आरंभ सरकारी ताट नाकारण्याने झाला, त्याला अखेरीस शहराने आपले ताट पुढे केले. निकृष्ट अन्नापासून वाटून घेतलेल्या अन्नापर्यंतचा हा प्रवास कोणत्याही नाटककाराने रचलेला नाही, तो घडलेला आहे. असे असता या प्रसंगाकडे पूरक तपशील म्हणून पाहिले जाते. गोळीबाराला दृश्य मिळते आणि शिधा पोहोचवणाऱ्या हातांना तळटीप मिळते.

६. मांडणशिल्प : बसून ऐकण्याचा अवकाश

मार्च २०१७ मध्ये मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात चित्रकार विवान सुंदरम यांनी 'मीनिंग्ज ऑफ फेल्ड ॲक्शन : इन्सरेक्शन १९४६' ही कलाकृती सादर केली. चित्रपट अभ्यासक आशिष राजाध्यक्ष यांचा तीत सहभाग होता. जहाजाच्या सांगाड्याची आठवण करून देणाऱ्या मोठ्या धातूच्या रचनेत प्रेक्षकाने आत जाऊन बसावे आणि त्या दिवसांचा ध्वनिपट ऐकावा, अशी योजना होती. घटना जेथे घडली, त्या परिसरापासून वस्तुसंग्रहालय पायी जाण्याच्या अंतरावर आहे.

या कृतीचे वेगळेपण दोन प्रकारे जाणवते. एक म्हणजे शीर्षकातच 'अयशस्वी कृती' हा शब्दप्रयोग आहे. 'कल्लोल'ने पराभव पुसला, येथे तो मान्य करून त्याचे अर्थ शोधले आहेत. दुसरे म्हणजे येथे नायक नाही. अनेक आवाज आहेत आणि प्रेक्षक त्यांच्यामध्ये बसलेला आहे. स्मृतीचे हे रूप समितीच्या स्वरूपाशी जुळणारे आहे. तथापि प्रेक्षकाला जहाजाच्या आत बसवताना ही कृतीही एक अर्थी जुन्या साच्याकडे वळते. आवाज शहराचे असले तरी ऐकण्याची जागा जहाजाच्या पोटातली आहे. त्याच वर्तुळातून पाहताना किनारा पुन्हा बाहेर राहतो.

७. 'संप' या शब्दाचे सामर्थ्य

नाविकांनी आपल्या संघटनेला 'संप समिती' म्हटले, ते सैनिकी कायद्यातील शिक्षा टाळण्यासाठी, असा एक तर्क केला जातो. तो अंशतः खरा असू शकेल. परंतु शब्दाची निवड भीतीतून झाली असे मानले, तरी त्याचा परिणाम भीतीच्या पलीकडे गेला. 'बंड' हा शब्द सैनिकाला नागरिकापासून वेगळा काढतो, कारण बंड फक्त सैनिक करतो. 'उठाव' हा शब्द त्याला उंचीवर नेतो, पण वीर म्हणून एकटा ठेवतो. 'संप' हा शब्द मात्र त्याला गिरणीच्या फाटकाशी नेऊन उभा करतो. १९२८ साली सहा महिने गिरण्या बंद ठेवणाऱ्या मुंबईला हा शब्द परका नव्हता. २२ फेब्रुवारीला गिरणी कामगाराने नाविकाच्या कृतीत आपलीच कृती ओळखली, तिला समजावून घेण्यासाठी त्याला भाषांतराची गरज पडली नाही.

मराठी भाषेच्या दृष्टीने या शब्दाला आणखी एक पदर आहे. 'संप' या शब्दाचा जुना अर्थ एकी, एकजूट असा आहे आणि शेजारच्या गुजरातीत तो सलोखा या अर्थाने आजही रूढ आहे. काम बंद करणे हा अर्थ त्यातून पुढे आला. काम थांबवण्यासाठी आधी एक व्हावे लागते, हे या शब्दाने आपल्या उदरात जपले आहे. फाळणीच्या अठरा महिने आधी तीन पक्षांचे झेंडे एका डोलकाठीवर चढवणाऱ्या नाविकांच्या कृतीला याहून समर्पक मराठी शब्द सापडणे कठीण आहे.

समुद्रापासून दूर असलेल्या विदर्भाशीही हा धागा जोडता येतो. भारतातील कामगार लढ्यांच्या इतिहासात १८७७ साली नागपूरच्या एम्प्रेस मिलमध्ये वेतनदरावरून झालेल्या संपाची नोंद अगदी आरंभीच्या संपांमध्ये केली जाते. तसेच फेब्रुवारी १९४६ च्या अखेरीस जबलपूर येथील संदेशवहन प्रशिक्षण केंद्राच्या सैनिकांनी नाविकांच्या पाठोपाठ काम नाकारले, तेव्हा जबलपूर ज्या मध्य प्रांत व वऱ्हाडात होते त्याची राजधानी नागपूर होती. ज्या कृतीला आरमारी म्हणून किनाऱ्यापुरती मर्यादित मानले जाते, ती आठवड्याभरात देशाच्या मध्यभागी पोहोचली होती. 'जहाजावरील बंड' या नावात जबलपूर बसत नाही, 'संप' या नावात ते सहज सामावते.

यावर दोन आक्षेप संभवतात. एक, जेथे तोफा रोखल्या गेल्या आणि तासन्‌तास गोळीबार झाला, त्याला संप म्हणणे हा घटनेचा संकोच आहे. दोन, शासनालाही हेच हवे होते की राजकीय आशय जाऊन केवळ सेवाशर्तींचा तंटा उरावा. पहिल्या आक्षेपात तथ्य आहे. शस्त्रधारी माणसांच्या संपाला सामान्य संपाचे नियम लागू पडत नाहीत, हे मान्य करावेच लागेल. परंतु २२ फेब्रुवारीच्या गिरणगावातील मृत्यू ध्यानात घेता संप हा निरुपद्रवी शब्द आहे, हे गृहीतकच टिकत नाही. दुसऱ्या आक्षेपाचे उत्तर अन्नाच्या विवेचनात येऊन गेले आहे. वेतन आणि भाकरी यांना अराजकीय मानणे हीच मुळात शासनाची दृष्टी आहे. ती स्वीकारून मग 'उठाव' या शब्दाने घटनेचा सन्मान राखू पाहणे, म्हणजे प्रतिपक्षाच्या व्याख्येला मान्यता देणे होय.

प्रमोद कपूर यांच्या २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या इंग्रजी ग्रंथाच्या शीर्षकात 'म्युटिनी' आणि 'स्वातंत्र्याचे अखेरचे युद्ध' हे दोन्ही शब्दप्रयोग एकत्र आले आहेत. ग्रंथाने या विषयाकडे नव्या वाचकांचे लक्ष वेधले, हे त्याचे श्रेय आहे. तथापि शीर्षकातील ही जोडी हेच सुचवते की पाऊणशे वर्षांनंतरही निवड बंड आणि युद्ध या दोनच टोकांमध्ये होत आहे.

निष्कर्ष

भारतीय नौदलाने मदन सिंग आणि बी. सी. दत्त यांची नावे आपल्या दोन नौकांना दिली आहेत आणि कुलाब्यात या घटनेचे स्मारकही उभे आहे. ज्या संस्थेविरुद्ध नाविक उभे राहिले, तिच्याच उत्तराधिकारी संस्थेने त्यांना मान द्यावा, ही गोष्ट स्वागतार्ह आहे. परंतु २२ फेब्रुवारीला परळ भागात गोळीबारात मारल्या गेलेल्या कम्युनिस्ट कार्यकर्त्या कमल दोंदे यांचे नाव किती वाचकांना परिचित आहे? मृत नागरिकांची ओळख आजही २२८ या आकड्यानेच होते. साहिर लुधियानवी यांनी या घटनेवर लिहिलेल्या नज्मचे शीर्षकच हे रक्त कोणाचे, असा प्रश्न विचारणारे आहे. त्या प्रश्नाचे उत्तर वाङ्मयाने प्रामुख्याने नाविकांच्या बाजूने दिले, नगराच्या बाजूचे उत्तर अद्याप अपुरे आहे.

विचारात घेतलेल्या तिन्ही कलाकृती आपापल्या परीने महत्त्वाच्या आहेत. आत्मकथनाने साक्ष दिली, नाटकाने शक्यता दाखवली आणि मांडणशिल्पाने पराभवाकडे डोळे उघडे ठेवून पाहिले. मात्र तिघांवरही जहाजकथेच्या साच्याची छाया आहे आणि त्या छायेत किनारा अंधुक राहतो. 'बंड' म्हटले की आरोपी आठवतात, 'उठाव' म्हटले की वीर आठवतात. 'संप' म्हटले तरच डब्यातील भाकरी घेऊन गेटवेवर उभा राहिलेला माणूस, गिरणीचे फाटक बंद करणारा कामगार आणि जहाजावरचा नाविक हे तिघे एका वाक्यात येतात. १९४६ चे मराठीतील लेखन आणि महाविद्यालयीन अध्यापन यांनी हा शब्द पुन्हा जवळ केला, तर घटनेचा मान कमी होणार नाही, तिच्यातील माणसांची संख्या तेवढी पूर्ण होईल.